पात्रे जमवणारा निर्माता कसा झाला?

प्रश्न : ‘द गॉडफादर’चे पहिले दोन भाग लागोपाठच्या रविवारी पाहिले. पहिल्या भागाच्या श्रेयनामावलीत ‘कास्टिंग’खाली फ्रेड रूस हे नाव आहे. दुसऱ्या भागात तेच नाव सहनिर्मात्यांमध्ये दिसते. हा माणूस एकच की दोन? एकच असेल तर नट गोळा करणारे गृहस्थ दोन वर्षांत निर्माते कसे झाले? तेवढ्यात त्यांच्याकडे इतके पैसे आले कुठून? जाता जाता आणखी एक : आमच्या भाच्याकडे मुंबईतल्या एका ‘कास्टिंग’वाल्याने नोंदणीची फी मागितली आहे. द्यावी का?
— एक वाचक, सांगली

उत्तर : माणूस एकच. नावे सुरू झाली की बहुतेक प्रेक्षक चहा टाकायला उठतात. तुम्ही ती वाचता, एवढेच नव्हे तर दोन चित्रपटांतली ताडूनही पाहता, हे वाचून बरे वाटले.

तुमच्या प्रश्नात दोन समजुती एकमेकींत गुंतल्या आहेत. निर्माता म्हणजे पैसे घालणारा, ही पहिली. कास्टिंग हे हाताखालचे काम असून निर्मिती ही त्यावरची बढती आहे, ही दुसरी. दोन्ही सोडवल्या की रूसचे कोडे आपोआप सुटते. भाच्याचा प्रश्न वेगळा वाटला तरी तो त्याच गाठीत आहे. त्याकडे शेवटी येऊ.

आधी पैशांचे पाहू. निर्माता म्हटले की आपल्यापुढे शेत विकणारा किंवा बायकोचे दागिने गहाण टाकणारा माणूस उभा राहतो. त्यात आपलीही चूक नाही, कारण आपला पहिलाच निर्माता तसा होता. दादासाहेब फाळक्यांनी आयुर्विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढले आणि सरस्वतीबाईंनी दागिने दिले, हे आपण शाळेपासून ऐकत आलो. पण ‘द गॉडफादर’च्या दुसऱ्या भागाचे पैसे पॅरामाउंट या स्टुडिओचे होते. रूसच्या खिशातून त्यासाठी काही जाण्याचा प्रश्नच नव्हता. हॉलिवूडमध्ये स्टुडिओ पैसे देतो आणि निर्माता त्या पैशांचा चित्रपट करून देतो. कथेचे हक्क मिळवणे, लेखक व दिग्दर्शक ठरवणे, अंदाजपत्रक बसवणे, छायाचित्रकारापासून कपडेपटापर्यंत माणसे नेमणे, चित्रीकरण अडले की ते पुन्हा मार्गी लावणे आणि चित्रपट पुरा होईपर्यंत मागे लागणे, ही त्याची कामे. त्याबद्दल त्याला मानधन मिळते.

या यादीत एक प्रश्न पुन्हा पुन्हा येतो : हे काम कोणाला द्यायचे? निर्मात्याचा निम्मा दिवस याच प्रश्नात जातो. कास्टिंग डायरेक्टरचा तर सगळाच दिवस जातो. दोन्ही कामे शेजारी राहतात ती अशी. फाळक्यांच्या बाबतीत तर ती एकाच घरात होती. ‘राजा हरिश्चंद्र’साठी त्यांनी नटांकरिता जाहिरात दिली. तारामती करायला कोणी बाई मिळेना, तेव्हा ग्रँट रोडवरच्या एका खानावळीत काम करणारे अण्णा साळुंके त्यांनी हेरले. पैसे उभे करणारे आणि पात्रे हुडकणारे फाळकेच होते. त्यांनी त्यातले एक काम वरचे आणि एक खालचे मानल्याचे कुठे दिसत नाही.

आता रूसकडे वळू. तुमचा हिशेब इथे थोडा उलटा करावा लागतो. हा माणूस कास्टिंगमधून निर्मितीत ‘चढला’ नाही, कारण निर्मिती त्याने आधीच करून पाहिली होती. जन्म १९३४चा, कॅलिफोर्नियातल्या सँटा मोनिकाचा, शिक्षण लॉस एंजेलिसच्या यूसीएलए विद्यापीठात. १९६४मध्ये त्याने फिलिपिन्समध्ये जाऊन ‘बॅक डोअर टू हेल’ आणि ‘फ्लाइट टू फ्युरी’ हे दोन स्वस्तातले चित्रपट पाठोपाठ काढले. दिग्दर्शक माँटी हेलमन. दोन्हींत जॅक निकल्सन नावाचा एक तरुण नट होता, आणि दुसऱ्याची पटकथाही त्यानेच लिहिली होती. निकल्सनला तेव्हा फारसे कोणी ओळखत नव्हते. सहा वर्षांनी, १९७०मध्ये, निकल्सनच्या ‘फाइव्ह ईझी पीसेस’चे कास्टिंग रूसनेच केले. या धंद्यात ओळखी अशा मुरतात.

साठच्या दशकात रूसची खरी तालीम झाली ती दूरचित्रवाणीवर. ‘द अँडी ग्रिफिथ शो’सारख्या मालिकांना दर आठवड्याला नवी पाहुणी पात्रे लागत : एखादा दुकानदार, एखादी आगाऊ मावशी, गावात चुकून आलेला शहरी माणूस. प्रत्येकाच्या वाट्याला चार वाक्ये. पण ती चार वाक्ये खोटी वाटली की भाग पडला. त्यामुळे आठवड्यामागून आठवडे ढीगभर नट पाहायचे, लक्षात ठेवायचे आणि झटपट ठरवायचे, ही सवय हाडीमाशी मुरली. त्या मालिकेत शेरीफच्या पोराचे काम करणारा रॉन हॉवर्ड पुढे ‘अमेरिकन ग्राफिटी’त झळकला आणि नंतर स्वतः मोठा दिग्दर्शक झाला. रूस त्याला अर्ध्या चड्डीत असल्यापासून ओळखत होता.

इथे कास्टिंग डायरेक्टर नेमके करतो काय, हे पाहायला हवे. हिरो तो ठरवतो, असा सर्वसाधारण समज आहे. बहुतेक वेळा तो ठरवत नाही. तो संहिता वाचून पात्रांची यादी काढतो, प्रत्येकासमोर चार-सहा नावे लिहितो, कोणाच्या तारखा मोकळ्या आहेत आणि कोण किती मागेल ते पाहतो, ऑडिशन घेतो आणि त्यातली निवडक माणसे दिग्दर्शकापुढे उभी करतो. लग्न जमवणारे मध्यस्थ स्थळे आणतात आणि पसंती घरचे सांगतात, तसेच हे. ‘गॉडफादर’मध्ये मार्लन ब्रँडो आणि अल पचिनो असावेत, हा हट्ट दिग्दर्शक फ्रान्सिस फोर्ड कपोला याचा होता. पॅरामाउंटला दोघेही नको होते. ब्रँडोची चाचणी कपोलाने त्याच्या घरी जाऊन घेतली. पचिनोला तर पुन्हा पुन्हा कॅमेऱ्यापुढे उभे राहावे लागले. तेव्हा ‘रूसने पचिनो शोधला’ असे कोणी म्हणाले, तर मान डोलवू नका. शिवाय कास्टिंगच्या श्रेयात रूस एकटा नव्हता. अँड्रिया ईस्टमन आणि लुइस डिजायमो ही नावेही त्याच्या जोडीला आहेत.

मग रूसचा हात दिसतो कुठे? फ्रेडोमध्ये. कॉर्लिओनी घराण्यातला हा दुबळा, सतत ओशाळलेला मधला भाऊ तुम्हाला नक्की आठवत असेल. ते काम करणारा जॉन कझाल याने तोवर एकही मोठा चित्रपट केलेला नव्हता. १९७१मध्ये न्यूयॉर्कच्या एका छोट्या नाट्यगृहात इझ्राएल होरोविट्झचे ‘लाइन’ हे नाटक चालू होते. त्यात रिचर्ड ड्रायफस होता आणि कझालही होता. रूसने नाटक पाहिले आणि कझालचे नाव कपोलाकडे नेले. कझालच्या वाट्याला आयुष्य थोडे आले, १९७८मध्ये तो कर्करोगाने गेला. पूर्ण लांबीचे अवघे पाच चित्रपट त्याने केले, आणि पाचही सर्वोत्कृष्ट चित्रपटाच्या ऑस्करसाठी नामांकित झाले. त्यांतल्या तीन चित्रपटांना ते मिळालेही. आमच्या मते कास्टिंगवाल्याची पारख करायची तर नायक-नायिका सोडून अशी दुय्यम पात्रे पाहावीत. नायकावर सगळ्यांचा डोळा असतो. फ्रेडोवर कोणाचा तरी एकाचाच असतो.

त्या नाटकातला दुसरा नट ड्रायफस. त्यालाही रूस विसरला नाही. १९७३च्या ‘अमेरिकन ग्राफिटी’त तो मुख्य भूमिकेत आहे. या धंद्याचे हे मर्म प्रेक्षकांच्या सहसा ध्यानात येत नाही. ऑडिशनमध्ये ‘नाही’ म्हटलेला नट बाद होत नाही, तो वहीत राहतो. मायकेल कॉर्लिओनीच्या भूमिकेसाठी मार्टिन शीनची चाचणी झाली होती, सनीच्या भूमिकेसाठी रॉबर्ट डी नीरोची. दोघेही पहिल्या भागात नाहीत. दुसऱ्या भागात तरुण व्हिटो म्हणून डी नीरो आला आणि ऑस्कर घेऊन गेला. शीनची पाळी कधी आली, ते पुढे सांगतो.

हॅरिसन फोर्डची गोष्टही इथेच निकालात काढू, कारण ती फार मोडून-तोडून सांगितली जाते. प्रचलित कथा अशी : स्टुडिओत दार बसवणारा एक सुतार होता, जॉर्ज लुकासची नजर त्याच्यावर पडली आणि तो ‘स्टार वॉर्स’चा हान सोलो झाला. गोष्ट गोड आहे, पण अर्धवट आहे. फोर्ड सुतारकाम करत होता हे खरे. पण १९६६पासून तो चित्रपटांत बारीकसारीक कामेही करत होता, पोटापाण्याला सुतारकी होती. रूस त्याला चांगला ओळखत होता. ‘अमेरिकन ग्राफिटी’त आणि कपोलाच्या ‘द कॉन्व्हर्सेशन’मध्ये तो आधीच दिसला होता. अडचण अशी होती की ‘अमेरिकन ग्राफिटी’ या आपल्याच चित्रपटातले चेहरे ‘स्टार वॉर्स’मध्ये नकोत, असे लुकासने ठरवले होते. ऑडिशन चालू असताना फोर्ड तिथेच दाराचे काम करत होता, आणि इतर उमेदवारांसमोर संवाद वाचायला त्याला बसवले गेले. ऐकता ऐकता लुकासचे मत बदलले. दार तिथे होते, सुतारही होता. पण त्या सुताराचे नाव लुकासच्या कानावर घालणारा एक माणूस शेजारी होता, हा भाग दंतकथेतून गळतो. रूस त्या चित्रपटाचा अधिकृत कास्टिंग डायरेक्टर नव्हता. तो नुसता सल्ला देत होता. कॅरी फिशरसाठीही त्याने शब्द टाकला होता.

आता तुमचा मूळ प्रश्न : ते दोन वर्षांचे अंतर. ‘गॉडफादर’ १९७२मध्ये आला आणि धो धो चालला. लगोलग कपोलाच्या हातात दोन चित्रपट आले, ‘द कॉन्व्हर्सेशन’ आणि ‘गॉडफादर’चा दुसरा भाग. दोन्ही १९७४चे. एकाच माणसाला दोन आघाड्या सांभाळायच्या, तर मधे भरवशाची माणसे लागतात. नटांची नस ओळखणारा, ओढाताणीच्या अंदाजपत्रकात चित्रपट पुरा करून दाखवलेला आणि दिग्दर्शकाशी सूर जुळलेला माणूस कपोलाच्या जवळच होता. म्हणून रूस दोन्ही चित्रपटांचा सहनिर्माता झाला. पैसा कुठे मधे आलाच नाही.

पुढची गंमत पाहा. दोन्ही चित्रपटांना त्या वर्षी सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे नामांकन मिळाले. म्हणजे १९७५च्या समारंभात रूस एका चित्रपटासाठी जिंकला आणि दुसऱ्यासाठी हरला. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर निर्मात्यांना दिले जाते. ते त्या वर्षी कपोला, ग्रे फ्रेडरिकसन आणि रूस या तिघांना मिळाले. पहिल्या भागाच्या पात्रनिवडीबद्दल मात्र त्याला ऑस्कर मिळणे शक्यच नव्हते, कारण त्या कामासाठी ते पारितोषिकच नव्हते. छायाचित्रण, संकलन, वेशभूषा सगळ्यांना होते. लिन स्टालमास्टर यांना २०१६मध्ये मानद ऑस्कर मिळाले तेव्हा कास्टिंगच्या धंद्यातल्या माणसाला मिळालेले ते पहिलेच ऑस्कर होते. नियमित पारितोषिक देण्याचा निर्णय अकादमीने २०२४मध्ये जाहीर केला, तोही २०२५च्या चित्रपटांपासून लागू. ज्या कामाला बक्षीस नाही ते काम हलके, असा समज व्हायला एवढे कारण पुरते. तुमच्या मनातला ‘बढती’ हा शब्दही बहुधा तिथूनच आला असावा.

दोन्ही कामे एकमेकांत किती मिसळलेली आहेत, हे ‘अपोकॅलिप्स नाऊ’वरून कळते. १९७६मध्ये चित्रीकरण पुन्हा फिलिपिन्समध्ये. नायकाच्या भूमिकेत हार्वी कायटेल. काही आठवड्यांचे काम झाल्यावर कपोलाला ते पटेना. मुख्य नट बदलणे म्हणजे झालेले काम टाकून देणे, नव्या नटाच्या तारखा आणि करार बघणे, आणि तेवढे दिवस परदेशात सगळे युनिट पोसणे. अशा वेळी हा प्रश्न पात्रनिवडीचा की निर्मितीचा? रूस सहनिर्माता होता, म्हणजे दोन्ही टोके त्याच्या ओळखीची. कायटेलच्या जागी आला तो मार्टिन शीन, मायकेल कॉर्लिओनीसाठी चाचणी देऊन परत गेलेला. पुढे वादळाने सेट उद्ध्वस्त झाले, शीनला हृदयविकाराचा झटका आला आणि चित्रपट पडद्यावर यायला १९७९ उजाडले. त्याच वर्षी रूस आणि टॉम स्टर्नबर्ग यांनी काढलेला ‘द ब्लॅक स्टॅलियन’ही आला. एक मुलगा आणि एक घोडा यांची ती गोष्ट. त्या मुलाचे काम केली रेनो या कॉलोराडोतल्या मुलाने केले. त्याआधी त्याने चित्रपटात कधी काम केले नव्हते.

‘ब्लॅक स्टॅलियन’मुळेच आणखी एक चित्रपट जन्मला. कॅलिफोर्नियातल्या फ्रेझ्नोजवळच्या एका शाळेच्या ग्रंथपाल बाईंनी तो पाहून १९८०मध्ये कपोलाला पत्र लिहिले : आमच्या मुलांना एस. ई. हिंटन यांची ‘द आउटसायडर्स’ ही कादंबरी फार आवडते, तिच्यावर तुम्हीच चित्रपट काढा. सोबत मुलांच्या सह्या आणि पुस्तकाची प्रत. अशी पत्रे कचेरीत रोज येतात आणि पडून राहतात. हे मात्र रूसच्या हाती लागले, त्याने पुस्तक वाचले आणि कपोलाला गळ घातली. १९८३मध्ये चित्रपट आला. कास्टिंगचे काम तेव्हा इतरांकडे होते, पण नावे वाचा : मॅट डिलन, राल्फ माचिओ, पॅट्रिक स्वेझी, रॉब लो, डायेन लेन आणि अगदी छोट्या भूमिकेत टॉम क्रूझ. पारख करण्याची सवय जुनीच, या वेळी पारख पुस्तकाची होती इतकेच. पुढे कपोलाची मुलगी सोफिया दिग्दर्शन करू लागली, तेव्हा ‘लॉस्ट इन ट्रान्सलेशन’सारख्या तिच्या चित्रपटांतही कार्यकारी निर्माता म्हणून त्याचे नाव आहे. कपोलाचा ‘मेगालोपोलिस’ मे २०२४मध्ये कान महोत्सवात दाखवला गेला. त्यानंतर दोनच दिवसांनी रूस वारला, नव्वदीला चार दिवस कमी असताना.

‘कार्यकारी निर्माता’ हे पद वाचताना जरा जपून. मराठी चित्रपटात कार्यकारी निर्माता म्हणजे सेटवर गाड्या, जेवण, परवानग्या आणि रोजचे वेळापत्रक सांभाळणारा माणूस. हॉलिवूडमध्ये त्याच शब्दाखाली बहुधा वडीलधारा सल्लागार, पैसे आणून देणारा किंवा नावाला वजन असणारा असतो. तिथली रोजची धावपळ लाइन प्रोड्यूसर करतो. नामावली वाचण्याची तुम्हाला सवय आहे, म्हणून मुद्दाम सांगितले.

आपल्याकडे निर्माते, दिग्दर्शक, व्यवस्थापक आणि ‘सप्लायर’ हे मिळून पूर्वी नट जमवत. त्यासाठी वेगळा माणूस नेमण्याची पद्धत उशिरा रुजली. अॅटनबरोंच्या ‘गांधी’साठी भारतातली पात्रनिवड डॉली ठाकोर यांनी पाहिली. आपल्या रोहिणी हट्टंगडी त्यात कस्तुरबा झाल्या आणि त्यांना बाफ्ता मिळाले. ‘बँडिट क्वीन’चे कास्टिंग तिग्मांशु धुलिया यांचे. ते पुढे दिग्दर्शक झाले. मराठीत अजूनही दिग्दर्शक स्वतःच गावोगाव फिरून चेहरे शोधतात. अकलूजची शाळकरी रिंकू राजगुरू नागराज मंजुळेंना अशीच सापडली. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये तर निर्माते विवेक गोम्बर स्वतःच वकिलाच्या कोटात उभे आहेत. आणि दुसऱ्या कामातून निर्मितीत आलेल्यांचे म्हणाल, तर मराठी रंगभूमीला त्याचे अप्रूप नाही : ‘चंद्रलेखा’चे मोहन वाघ मुळात छायाचित्रकार.

राहता राहिला भाचा. कास्टिंग डायरेक्टरला निर्माता पैसे देतो, कारण काम निर्मात्याचे असते. त्याला चांगला नट मिळवून देणे हीच कास्टिंगवाल्याची कमाई आणि तीच त्याची अब्रू. नटाकडून फी घ्यायला लागला तर त्याच्या यादीत चांगली माणसे राहणार नाहीत, पैसे देणारी राहतील, आणि मग निर्माता त्याला दारात उभे करणार नाही. एजंट किंवा व्यवस्थापक काम मिळाल्यावर मानधनातून टक्केवारी घेतो, तो व्यवहार वेगळा आणि रीतसर. पण काम मिळण्याआधीच ‘नोंदणी’, ‘कार्ड’, ‘पोर्टफोलिओ आमच्याकडूनच काढा’, ‘ऑडिशनची फी’ असे काही मागणारा माणूस कास्टिंगवाला नव्हे. भाच्याला सांगा, एक पैसाही देऊ नकोस. त्या गृहस्थांनी आजवर कोणत्या चित्रपटाचे कास्टिंग केले ते विचार आणि त्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत त्यांचे नाव शोध. नामावली कशी वाचायची, हे त्याला तुम्हीच शिकवा.